खोकल्याची नोंद

मु. कोहकाटोला, एटापल्लीपासून नऊ मैल
जि. चांदा
ता. १८ नोव्हेंबर १९५७

ती. सौ. वच्छलाबाईस,

गुणवंताचा शिरसाष्टांग नमस्कार. मी इकडे खुशाल आहे. गोंडपिपरीची खुशाली कळवशील तेव्हा मांजरीचीही कळव.

एटापल्लीपर्यंत बैलगाडी मिळाली, पुढे पायीच आलो. वस्ती अकरा घरांची आहे. समोर सूरजागडचे डोंगर दिसतात. एका रिकाम्या घरात माझी सोय झाली आहे. भात आणि अंबाडीची भाजी मिळते, त्यामुळे मी वाळल्याची काळजी करू नकोस.

कामाचे सांगतो. इथली बाकी सगळी घरे गोंडी बोलतात. फक्त एका अंगणात निराळी बोली होती, आणि ती येणारी आता दोनच माणसे उरली आहेत. तिला नावसुद्धा नाही. शेजारचे गोंड तिला ‘त्यांची’ म्हणतात आणि ते दोघे ‘आपली’. नागपूरच्या कचेरीने मला फेब्रुवारीअखेरपर्यंत मुदत दिली आहे. तेवढ्यात पाचशे शब्द आणि शंभर वाक्ये लिहून न्यायची. काम झाले तर नोकरी कायम होईल. नाही झाले तर बोलीही जाईल आणि मीही जाईन. त्यात बोली जाण्याचे कचेरीला थोडे जास्त वाईट वाटेल.

निघण्यापूर्वी साहेबांनी एक लेख वाचायला दिला होता. दक्षिण अमेरिकेच्या अगदी टोकाला एक थंड बेट आहे. त्याच्या पूर्वेकडच्या कोपऱ्यात हाउश नावाचे लोक राहत. हे नावही म्हणे शेजाऱ्यांनी दिलेले. त्यांचे भाऊबंद सेल्कनाम संख्येने मोठे. जवळच होड्यांवर राहणारे यागान, पण त्यांची भाषा वेगळी. मग मेंढ्या पाळणारे गोरे लोक आले, त्यांच्यामागून रोग आले, आणि तीस-पस्तीस वर्षांपूर्वी हाउश बोलणारे शेवटचे माणूस गेले. येत्याजात्यांनी टिपलेले काही शब्द तेवढे उरले. साहेब म्हणाले, आपल्या जिल्ह्यात असे होऊ नये.

आता अडचण ऐक. उरलेल्या दोघांपैकी एक मंगरू, सत्तरीचा. दुसरी सोमारी, त्याच्या धाकट्या भावाची, सुकलूची बायको. म्हणजे भाऊजींचे थोरले भाऊ दादाजी तुला जे लागतात तेच मंगरू तिला लागतो, भासरा. इथे तर भासऱ्याशी बोलायचे नाही, त्याच्या ऐकण्यात मोठ्याने काही म्हणायचे नाही, त्याची सावलीही अंगावर पडू द्यायची नाही. सुकलू होता तोवर दोघे त्याच्याशी बोलत आणि त्याच्यामार्फत एकमेकांशी. दोन पावसाळ्यांपूर्वी तो गेला. मुली गोंडांच्या घरी दिल्या, त्यांना ही बोली आली नाही. आता सोमारी भात वाढून मोहाच्या झाडाखाली ठेवते, लोटा दगडावर वाजवते आणि घरात जाते. मंगरू खोकत येतो, जेवतो आणि जातो. दोघांची बोली दोघांच्या तोंडात नुसती पडून आहे.

मी सोमारीकडे वही घेऊन बसलो. पाणी, आग, हात, डोळा करीत तिने चाळीस शब्द दिले आणि थांबली. मग मराठीत म्हणाली, “तू सरकारी मानूस. शब्द का चिंचोके आहेत, हातात ठेवले न् झालं? बोलाचं तं कोणाले तरी लागते.”

पुढे काय करावे सुचत नाही. भाऊजींना नमस्कार. तुझ्या लोभावर माझा हक्क आहे तो तसाच राहू दे.

तुझा
गुणवंत

*

गोंडपिपरी
ता. ३० नोव्हेंबर १९५७

चि. गुणवंतास,

वच्छलाबाईचे पोटभर आशीर्वाद. पत्र काल बाजाराच्या दिवशी पोचले. इकडे सर्व खुशाल आहेत. धान कापून झाले, मळणी चालू आहे. मांजरीला तीन पिल्ले झाली. पोंभुर्ण्याचे स्थळ अजून थांबले आहे. मुलगी सातवी पास आहे आणि मोजकेच बोलते असे ऐकते. तुझी बडबड पाहता जोडा बरा दिसेल.

तुझे हाउश मी यांना वाचून दाखवले. यांनी विचारले, एवढ्या थंडीत ते लोक नेसत काय? मी विचारते, त्यांच्यात भासरे होते का? लेखात असेल तर कळव.

आता तुझी अडचण. तू बी.ए. झालास, मी चौथी. पण ही परीक्षा मी चौदा वर्षे देते आहे. आमचे भासरे आणि मी एका घरात राहतो, आणि मी त्यांच्याशी एक शब्द बोललेली नाही. आमच्यात तुझ्या वस्तीइतके कडक नाही, म्हणून मांजर चालते. ताक संपले की मी मांजरीला सांगते, बाई गं, ताक संपलं. ते ओसरीवरून मांजरीलाच सांगतात, उद्या म्हशीचं दूध जास्त ठेवा म्हणावं. ही तिसरी मांजर. आधीच्या दोघी आमचा संसार ऐकून ऐकून म्हाताऱ्या झाल्या.

तुझी चूक अशी की तू तिथे कोणाचाच कोणी झाला नाहीस. सरकारी माणसाला बाई पाणी देईल, बोली कशी देईल? तिला दीर आहे का विचार. नसेल तर तू हो. दिराशी बोलायला, त्याला शिव्या द्यायला, त्याची थट्टा करायला कुठल्याच वस्तीत बंदी नाही. तिला वहिनी म्हण आणि वही जरा मागे ठेव.

थंडीत कान बांधत जा. आमची माया इथून पाठवते आहे. टपालवाल्याने वाटेत सांडली नाही तर पुरेल.

तुझी
वच्छलाबाई

*

कोहकाटोला
ता. २२ डिसेंबर १९५७

ती. सौ. बाईस,

गुणवंताचे दोन नमस्कार. एक नेहमीचा आणि एक शिष्याचा.

तुझे पत्र आले त्याच दिवशी मी अंगणाबाहेरून वहिनी म्हणून हाक मारली. सोमारी कांडत होती. मुसळ तसेच धरून तिने मला वरपासून खालपर्यंत पाहिले आणि शेजारणींना, पण मला कळावे म्हणून मराठीत, सांगितले की सुकलूचा लहान भाऊ होता तो कोठे हरवला होता, आता चष्मा लावून आला. तिथून जी सुरुवात झाली ती थांबत नाही. माझे चालणे धानाच्या बांधीतल्या बगळ्यासारखे आहे, मी आणलेले जळण म्हणजे भुताची काठी, कधी पेटतच नाही, आणि माझ्याशी लग्न करणाऱ्या मुलीने आधी आपली भाकर आणि आपली अक्कल माहेरून आणावी. हे सगळे आपल्या बोलीत. अर्थ मागाहून मराठीत सांगते, आणि सांगताना आणखी भर घालते. तीनशे सत्तर शब्द झाले. त्यातले साठ-सत्तर कचेरीत मोठ्याने वाचता येणार नाहीत.

मंगरू तिच्या नकळत मोहाआड बसून हे ऐकत असे. मी दीर झालो हे त्याला कळले, म्हणजे मी त्याचा धाकटा भाऊ झालो. एके दिवशी त्याने मला जवळ बसवले आणि आपल्या बोलीत काहीतरी सांगितले. मला समजेना. मी ऐकले तसे लिहिले आणि सोमारीपुढे जाऊन वाचले. तिने डोक्यावर पदर घेतला. मग सांगितले की तो म्हणतो, भातात मीठ कमी पडून राह्यलं. आणि उत्तर दिले की दोन वर्षे मुकाट जेवले, आज जीभ सापडली का? ते मी त्याच्यापुढे वाचले. मंगरू इतका हसला की त्याला खोकला आवरेना.

तेव्हापासून रोज हे चालते. माझे उच्चार चुकतात, त्यावर दोघे वेगवेगळे हसतात. थोडक्यात, मी त्यांची मांजर झालो आहे.

हाउशांच्या भासऱ्यांबद्दल लेखात काही नव्हते. असा प्रश्न त्यांना कोणी विचारला की नाही, तेही कळत नाही.

कचेरीने आवाज भरून घेणारे यंत्र पाठवले आहे. बॅटरीवर चालते, किल्लीही द्यावी लागते. फीत फिरली की बोललेले सगळे पुन्हा ऐकू येते. आता माझ्या उच्चारांचे हाल संपतील.

पिल्लांपैकी एक राखून ठेव. तुझ्या आशीर्वादाच्या पोतडीत माझा वाटा असू दे.

गुणवंत

*

कोहकाटोला
ता. १४ जानेवारी १९५८

ती. सौ. बाईस,

नमस्कार. घाईत लिहितो आहे, माणूस आत्ता एटापल्लीला निघाला आहे. तीळगूळ पोचला.

मंगरूला ताप आहे. छातीत कफ भरला आहे. एटापल्लीहून डॉक्टरांचे औषध आणले, पण तो मोहापर्यंत येऊ शकत नाही. परवा मी यंत्र त्याच्या खाटेजवळ नेले आणि त्याचे बोलणे भरून घेतले. ते घेऊन सोमारीच्या अंगणात आलो आणि फीत चालू केली. ती केस मोकळे सोडून तेल लावत बसली होती. भासऱ्याचा आवाज तिच्याच दारात, दोन हातांवरून आला. तेलाची वाटी पालथी पडली. ती आत पळाली आणि दार लावून घेतले. दोन दिवस झाले, माझ्याशी बोलत नाही. शेजारणी म्हणतात मी तिची लाज घेतली. मंगरूला कळले तर तोही बोलणार नाही. दीड महिना उरला आहे, आणि मंगरूचा तर तेवढाही दिसत नाही. काय करू ते लगेच लिही.

गुणवंत

*

गोंडपिपरी
ता. २० जानेवारी १९५८

चि. गुणवंतास,

आशीर्वाद, जरी आज कान धरावासा वाटतो.

पत्र वाचून मी कपाळाला हात लावला. तुला तुझ्याच पत्रातले दिसले नाही का? मंगरू जेवायला खोकत येतो, असे तूच लिहिलेस. आमचे भासरेही उंबऱ्याबाहेर दोनदा खाकरल्याशिवाय आत पाऊल टाकत नाहीत. चौदा वर्षांत एकदाही विसरले नाहीत, तापातसुद्धा नाही. ते खाकरले की मी पदर सारखा करते आणि बाजूला होते. त्यातच सगळी अब्रू आहे, त्यांची आणि माझी. तू त्या म्हाताऱ्याला न खोकता तिच्या घरात घातलास. यंत्राने घातलास म्हणून काय झाले?

आधी त्याचा खोकला भर. खोकला, मग जरा थांबणे, मग बोलणे. यंत्र दाराबाहेर ठेव, तिच्या हाताशी नको. आणि वाटीभर तेल घेऊन जा.

एवढेच. लोभ आहे, आणि तो शहाणपणावर अवलंबून नाही हे तुझे नशीब.

वच्छलाबाई

*

कोहकाटोला
ता. २ मार्च १९५८

ती. सौ. बाईस,

गुणवंताचा शिरसाष्टांग नमस्कार. इतके दिवस पत्र नाही याचे कारण आता लिहितो.

मंगरूला मी माझी चूक सांगितली. तो रागावला नाही. असे यंत्र कसले, ज्याला खोकताही येत नाही, असे त्याने विचारले. मग खाटेवर बसून नीट दोनदा खोकला. मी ते भरले. बोलण्याआधी थोडी फीत कोरी सोडली. तेल घेऊन गेलो, यंत्र कुंपणाशी ठेवले आणि चालू केले. खोकला ऐकू आला. आत भांड्यांचा आवाज थांबला. थोड्या वेळाने सोमारी पदर घेऊन बाहेर आली आणि यंत्राकडे पाठ करून बसली. मंगरूचे बोलणे संपल्यावर तिने पाठ न वळवता उत्तर दिले. ते मी भरले आणि मंगरूला ऐकवले.

सतरा दिवस असे चालले. पूर्वी मधे सुकलू असे. तो सांगायचे तेवढेच सांगे, असे सोमारी म्हणते. एकमेकांचे पुरे बोलणे दोघांनी पहिल्यांदाच ऐकले. बोलणे साधेच होते. शेळी व्याली, नाल्याकाठच्या बांधीत पाणी राहिले, मुलगी होळीला येणार का. सुकलू लहानपणी झाडावरून पडला ते मंगरूने सांगितले; ते तिला माहीत नव्हते. पाचशेऐवजी आठशे चाळीस शब्द झाले.

१६ फेब्रुवारीच्या फितीत मंगरू थोडेच बोलला. अर्थ सोमारीने सांगितला तो असा: आवारातला मोह सुकलूच्या वाट्याचा होता. मी थोरला म्हणून आजवर वेचला. त्याने कधी म्हटले नाही, तूही म्हटले नाहीस. यंदापासून तू वेच.

मला अर्थ सांगून झाल्यावर ती पुन्हा यंत्राकडे पाठ करून बसली. मग उत्तर दिले, चांगले लांब. मी ते घेऊन मंगरूच्या घरी गेलो तेव्हा तो गेला होता. वस्तीतल्या लोकांनी त्याला त्याच्या रीतीने माती दिली. मी तिरडीची काठी धरायला होतो. धाकटा भाऊ म्हणून ते माझ्याकडे आले.

त्या उत्तराचा अर्थ मी दहाव्यानंतर विचारला. सोमारी म्हणाली, ज्याचं होतं त्याले पोचलं नाई, आता तू का करशीन? मी ते ऐकले तसे लिहिले आहे. अर्थाच्या रकान्यात ‘दिला नाही’ असे लिहिले.

फिती नागपूरला पाठवल्या होत्या. काल उत्तर आले. काम उत्तम झाले आहे, नोकरी कायम होईल. मात्र प्रत्येक फितीच्या आरंभी खोकल्याचा आवाज आणि काही कोरी जागा आहे. तो भाषेचा भाग नसल्यामुळे गाळून टाकण्यास हरकत नसावी.

पत्रात काय आहे ते सोमारीने विचारले. सांगितले. तेव्हा ती मोहाची फुले वेचत होती. यंदा लवकर गळू लागली आहेत. टोपली खाली ठेवून म्हणाली, “त्याहीले लिहून दे. खोकल्याबिगर भासरा घरात येत नाई.”

तसे लिहून दिले. शब्दांची यादीही नव्याने केली. पूर्वी पहिला शब्द ‘पाणी’ होता. आता पहिली नोंद अशी आहे: दोनदा खोकणे, मग थांबणे. अर्थ: मी येतो आहे, तू आपला पदर सावर, घाई नाही. हाउशांकडे कोणी अशी नोंद केली असती तर आज आपल्याला शब्दांखेरीज आणखी काही कळले असते.

सोमारी अजून माझ्याशी आपल्या बोलीत बोलते. मला निम्मे समजते. दिराला निम्मे पुरे, असे तिचे म्हणणे आहे. होळीनंतर निघेन. पुन्हा येईन असे तिला सांगितले आहे. येताना बायको आण म्हणाली, शिव्यांना माणसे कमी पडतात.

पोंभुर्ण्याला काय कळवायचे ते तू ठरव. दूर असलो तरी तुझ्या मनातली माझी जागा कोणाला देऊ नकोस.

तुझा
गुणवंत

*

गोंडपिपरी
ता. ११ मार्च १९५८

चि. गुणवंतास,

भरभरून आशीर्वाद. पोंभुर्ण्याला होकार कळवला. पिल्लू राखले आहे.

तुझे पत्र दुपारी मी मांजरीला वाचून दाखवले, पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत, जरा मोठ्याने. आमचे भासरे ओसरीवर दोरी वळत होते. वाचून झाले तेव्हा दोरीचा आवाज बंद झाला होता. त्यांना आत यायचे नव्हते, कुठे जायचेही नव्हते. तरी ते दोनदा खाकरले.

मी पदर सारखा केला. मग पुन्हा दोरी वळण्याचा आवाज येऊ लागला.

सोमारीला माझा नमस्कार सांग. माया इथे शिल्लक आहे, येऊन घेऊन जा.

तुझी
वच्छलाबाई