लाल रंगावर एकच हात

पूल खात्याच्या साहेबांस,

रविवारी नव्या पुलाचं उद्घाटन आहे, म्हणून समोरच्या भिंतीवरची नावं बुजवायला तुम्ही मलाच बोलावलंत. जुना पूल माणसांसकट कोसळला तेव्हा ती नावं मीच लिहिली होती, हे तुम्हाला ठाऊक नसावं. किंवा ठाऊक असूनच बोलावलं असेल.

बोर्ड रंगवणं हा माझा धंदा. त्या आठवड्यात लोक यायचे, आपल्या माणसाचं नाव सांगायचे आणि ते लिहून होईपर्यंत माझी शिडी धरून उभे राहायचे. सगळी नावं लाल ऑइलपेंटनं लिहिली. अजूनही कामावर जाताना लोक तिथं घटकाभर थांबतात, मग चालू लागतात. तेवढंही तुम्हाला खुपलं. "लोकांना आता विसरू द्या, बाई," म्हणालात.

आज भिंत पांढरी केली. आधी अस्तर लावावं लागेल, असं मी सांगणार होते, तेवढ्यात तुम्हीच म्हणालात, "वेळ नाही. एकच हात मारा." मी एकच हात मारला.

साहेब, अस्तराशिवाय लाल रंग पांढऱ्याखाली दबत नाही. आमच्या धंद्यातलं शेंबडं पोरही हे सांगेल. चार दिवसांत तो वर येतो, म्हणजे बरोबर रविवारी. सगळ्यात आधी माझ्या ताईचं नाव दिसेल. त्याला मी तीन हात दिले होते.

हे पत्र मी टाकणार नाही. फीत कापून झाली की मागे वळून बघा.

तुमच्या हुकमाबरहुकूम,
पेंटरीणबाई