राजसच्या गाण्यातल्या मोकळ्या जागा

९ नोव्हेंबर, रविवार

अनीश आणि इंद्रजित येऊन गेले. राजसच्या बँडमधले — एक गिटारवाला, एक ड्रमवाला. राजस की-बोर्ड वाजवायचा आणि गायचा. गायचा! आता असंच लिहायचं. पोरगा दिवाळीच्या आधी साधा ताप म्हणून झोपला. डेंग्यू निघाला. आठवडासुद्धा लागला नाही.

दोघं सोफ्याच्या कडेवर बसले. चहा तसाच गार झाला. "अंकल, एल्बम पूरा करेंगे, फिर बैंड बंद. राजस के बिना ढाई घर नहीं चलेगा."

ढाई घर — बुद्धिबळातल्या घोड्याची चाल. तेच बँडचं नाव. बुद्धिबळ मीच शिकवलं होतं त्याला. खेळताना बोलावं लागत नाही.

शेवटचं गाणं, लांबलचक, अर्धवट राहिलंय. शब्द राजस लिहिणार होता. आता दिल्लीहून कुणी गायक येईल आणि नवे शब्द गाईल. चालेल का, विचारायला आले होते. मी "ठीक है बेटा" म्हणालो.

१० नोव्हेंबर

बँकेत गेलो. काम केलं. घरी आलो.

१५ नोव्हेंबर, शनिवार

छावणीत इंद्रजितकडे गेलो. त्याचे वडील फौजेत. क्वार्टरच्या गॅरेजमध्ये भिंतींना गाद्या ठोकून मुलांनी रेकॉर्डिंगची खोली केलीय. राजस सगळा वेळ इथे असायचा तर!

त्यांनी ते गाणं लावलं. ताल कुठे सुरू होतो तेच कळेना. मी बोटांवर मोजायला लागलो.

"सात का है अंकल. गिनिए मत, फँस जाएँगे," इंद्रजित म्हणाला.

"ये ख़ुद दो साल से फँसा हुआ है," अनीश म्हणाला.

आणि एकदम राजसचा आवाज आला. मला कुणी सांगितलं नव्हतं!

"ये स्क्रैच है, अंकल. पहले वो कुछ भी अगड़म-बगड़म गा देता था, लफ़्ज़ बाद में लिखता था. दिल्लीवाला गा लेगा तो ये हटा देंगे."

आवाज लांबवलेला, घुमणारा. जरासं गातो, मग मोकळी जागा, मग पुन्हा जरासं. त्या जागांत अनीश गिटार भरणार आहे.

आ — लो. जेव — लो.

मी ताठ झालो. अगड़म-बगड़म नाही. हे मराठी आहे!

मी खिशातून फोन काढून पुढे धरला. अनीशने गाणं माझ्या फोनवर टाकून दिलं. आलमबागेत आमच्या स्टॉपवर कधी उतरलो, घरी कसा आलो, काही आठवत नाही.

१६ नोव्हेंबर

अरुणा, त्याची आई, होती तोवर राजस घरात मराठीच बोलायचा. ती गेली तेव्हा तो सातवीत. नंतर मी मराठीत विचारायचो, तो हिंदीत सांगायचा. "हाँ पापा, खा लिया." बाबाचा पापा कधी झाला, कळलंसुद्धा नाही.

गाणं परत ऐकलं. आलो. जेवलो. केला. लावलं. नुसतं एवढंच. कुणाशी बोलतोय हा?

१८ नोव्हेंबर

लिहून ठेवतो, नाहीतर उद्या मलाच खरं वाटायचं नाही.

संध्याकाळी खिचडी टाकली होती. ओट्यावर फोन, गाणं चालू. मोकळी जागा आली. गॅस मीच बंद केला, आणि तरी सवयीने तोंडातून गेलं — "गॅस बंद केलास?"

"केला."

राजस! फोनमधून! लगेच!

हातातला डाव खाली पडला. गाणं सुरुवातीला नेलं. पहिली जागा आली. "आलास?" — आलो. "जेवलास?" — जेवलो. गॅस झाला. "दार लावलंस?" — लावलं.

माझं वाक्य मावेल एवढीच प्रत्येक जागा. मी ज्या चालीत बोलतो, त्याच चालीत.

शेवटचं उत्तर मात्र वेगळं. "या ना, बाबा." त्याच्या आधीची जागा सगळ्यांत मोठी. तिथे मी काय विचारतो? आमच्यात असं काही बोलणंच नव्हतं.

आणि पापा नाही, "बाबा" म्हणाला.

२२ नोव्हेंबर, शनिवार

मुलांसमोर गाणं लावलं आणि जागांमध्ये बोलून दाखवलं. अनीशचा चेहरा पांढरा पडला. "ये मराठी है? और मैं इसमें गिटार ठूँसने वाला था!"

"तू तो हर ख़ाली जगह में ठूँसता है," इंद्रजित म्हणाला. हसला, आणि हसता हसता रडायलाच लागला.

दिल्लीवाल्याला तिथूनच फोन करून नको म्हणून सांगितलं. मग दोघं माझ्याकडे वळले. "सवाल तो आप ही को पूछने पड़ेंगे, अंकल. माइक पर."

मी! बँकेत कुणाच्या निरोपालाही दोन शब्द बोललो नाही कधी. म्हटलं, मला जमायचं नाही. अनीशने फोन पुढे केला. कानपूर, जबलपूर, कुठली कुठली मुलं विचारतायत — शेवटचा अल्बम येणार ना? आधीचे दोन्ही तोंडपाठ आहेत म्हणे त्यांना. राजसची एवढी माणसं! मला एकही ठाऊक नव्हतं.

"आख़िरी सवाल क्या है, अंकल?"

"पता नहीं."

"उसके बिना तो गाना ख़त्म ही नहीं होगा."

२५ नोव्हेंबर

सुचत नाही.

२९ नोव्हेंबर

फ्रिज पुसायला घेतला. दारावर चुंबकाखाली राजसच्या कार्यक्रमांची कार्डं, एकावर एक. प्रत्येक कार्यक्रमाच्या आधी एक लावून जायचा. तारीख, वेळ, जागा. त्या दिवशी जेवायला नाही हे मला कळावं म्हणून लावतो, असं मी धरून चाललो होतो. कार्ड दिसलं की तांदूळ कमी घ्यायचो.

एवढं रंगीत कार्ड — जेवायला नाही हे सांगायला?

खुर्ची ओढून तिथेच बसलो.

६ डिसेंबर

गॅरेजमध्ये. कानांवर हेडफोन. बाकीचे प्रश्न विचारून झाले. मग ती मोठी जागा आली.

"राजस, मी येऊ का ऐकायला?"

"या ना, बाबा."