कुलूप लावणारा हात

प्रिय मालूताई,

तुम्ही गेल्यावर तुमच्याबद्दल काही लिहायचं नाही असं ठरवलं होतं. आधी लिहिलं तेच पुष्कळ झालं! पण काल प्रकाशकांचा फोन आला. माझ्या कादंबरीची दुसरी आवृत्ती काढायची म्हणतात. फोन ठेवला आणि तशीच गंगापूर रोडला तुमच्या घरी गेले.

पाच वर्षं तुमच्याकडे गाणं शिकले. गळा माझा बेताचाच. तुमचे यजमान, आमचे काका, ऑफिसात रजा टाकून तुमच्याबरोबर एसटीनं सिन्नरपर्यंत यायचे, कार्यक्रमात मागे बसून तंबोरा धरायचे. हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

मग तुमच्या गळ्याचं ऑपरेशन झालं आणि आवाज गेला तो गेलाच. तुम्ही तंबोरा कपाटात ठेवलात, स्वतः कुलूप लावलंत आणि किल्ली काकांना दिलीत. "मी मागितली तरी देऊ नका." मेथी निवडताना मला हे सांगितलंत. वर म्हणालात, "कुणाला बोलू नकोस हं."

मी बोलले नाही, लिहिलं. माझ्या कादंबरीतल्या गायिकेचा नवरा तिच्या नावावर जळतो आणि तंबोरा कुलपात घालतो. का केलं असं? नवरा चांगला निघाला तर गोष्टीत भांडण कुणाशी लावणार? एवढंच कारण, ताई.

कादंबरी आली. मी तुमची शिष्या हे सगळ्यांना ठाऊक. वाचनालयात एका बाईनं काकांना विचारलं, "तुम्हीच ना ते कुलूपवाले?" काका हसले, पुस्तक परत केलं आणि पुन्हा तिकडे गेले नाहीत. तुम्ही मला फोन केलात. त्या घोगऱ्या आवाजात म्हणालात, "कुलूप खरं घेतलंस ना? मग लावणारा हात का बदललास?"

"ताई, कादंबरी आहे ती!"

किती तोऱ्यात म्हणाले मी! तुम्ही फोन ठेवलात. त्यानंतर मी आलेच नाही. तुम्ही दवाखान्यात होतात तेव्हासुद्धा नाही. रागावल्या असतील, अशी स्वतःची समजूत घालत राहिले. एकदा तरी बोलावायचंत ना मला!

काल काकांची माफी मागितली. ते म्हणाले, "अगं, तू खोटं कुठे लिहिलंस? शेवटच्या महिन्यात तिनं दोनदा किल्ली मागितली. गाणार नाही, नुसता हात फिरवते म्हणाली. मी दिली नाही. तिनंच बजावलं होतं ना? आता वाटतं, तुझ्या पुस्तकातला तो माणूस मीच."

ज्यानं जन्मभर तुमच्या मागे बसून साथ केली, तो माणूस आता माझं वाचून स्वतःला ओळखतोय!

ताई, आवृत्ती थांबवलीय. शेवटची प्रकरणं नव्यानं लिहीन. कुलूप तुम्हीच लावाल, किल्लीही तुम्हीच मागाल, आणि ती न देणारा माणूस तुमचा शब्द पाळत असेल. छापण्याआधी काकांना समोर बसून वाचून दाखवीन. ते नको म्हणाले, तर ही कादंबरी पुन्हा छापली जाणार नाही.

तुमचा शब्द न पाळलेली,
सुमन