तव्यावरची भाकरी

आबा, तुमच्या नातीबद्दल, माझ्या लेकीबद्दल, तुम्हाला सांगायचं राहून गेलंय. महाडच्या तुमच्या स्टुडिओत लग्नाच्या मुली फोटो काढायला यायच्या, तेव्हा ती स्टुलावर बसून बघायची. मग तुम्ही तिलाही पडद्यापुढे उभं करायचात. "हलू नको गो," तुम्ही ओरडायचात, आणि ती पापणीसुद्धा हलवायची नाही. एकदा मी मध्ये पडले तर माझ्यावरच डाफरलात, "तू कधी अशी उभी राहिली असतीस तर तुझा एक तरी फोटो धड आला असता." त्या सवयीवर ती पुढे मुंबईत साड्यांच्या कॅटलॉगची मॉडेल झाली.

तुम्ही गेल्यावर चार वर्षांनी हेही गेले. एसटीत ड्रायव्हर होते. पोलादपूरच्या स्टँडवरच छातीत कळ आली. कंडक्टर निरोप घेऊन दारात आला तेव्हा माझ्या तव्यावर तांदळाची भाकरी होती. मी ती उलटली, फुगू दिली, टोपलीत ठेवली आणि मग उठले. जाऊबाई तिथंच होत्या. तेराव्यापर्यंत त्यांनी घरोघर सांगितलं, "नवरा गेला नि हिनं भाकरी भाजली. दगड हाय दगड." वाचनालयातून पुस्तकं आणायला लागले ती त्यानंतर. नवरा गेल्यावर पुस्तकातल्या बायका काय करतात ते बघायचं होतं. भाकरी भाजणारी कुणी सापडली नाही.

काही वर्षांनी लेकीला मालिकेत काम मिळालं, आणि एका दुपारी तिचा फोन आला. "डायरेक्टर ओरडतायत, फोटोसारखी उभी राहू नकोस म्हणून. नवरा गेल्याचा सीन आहे. आई, तू तेव्हा काय केलंस गं?" हे तिनं कधीच विचारलं नव्हतं. मला वाटलं, लेक विचारते आहे. मी सांगितलं.

तो भाग आम्ही जाऊबाईंच्या टीव्हीवर पाहिला. माझ्या लेकीनं तव्यावरची भाकरी उलटली, फुगू दिली, टोपलीत ठेवली आणि मग उठली. जाऊबाईंनी पदर डोळ्याला लावला. "काय काम केलं गो तुझ्या पोरीनं! काळीज हललं बघ." मी त्यांना पाणी आणून दिलं. आता तेवढाच तुकडा नेटवर फिरतो; महाडच्या सायबर कॅफेत पुतणीनं दाखवला. त्याच्यावरून तिला नेटवरच्या छोट्या फिल्म मिळाल्या. मालिका तिनं सोडली.

परवा फोनवर म्हणाली, "तुला न सांगता वापरलं. राग आलाय?"

"नाय गो."

"असंच होतं ना पण? काही चुकलं नाही ना माझं?"

"असंच होतं," मी म्हटलं.

तुम्हालाही वर तसंच लिहिलं. तुम्हाला काही पोचत नाही, म्हणून खरं ते लिहिते. एक भाजून मी उठले नव्हते. जाऊबाई रडत अंगणात धावल्या, त्यांनी तेवढीच पाहिली. उकड मळून झाली होती, पोर शाळेतून भुकेली येणार होती. कंडक्टर दारात उभा होता आणि मी आणखी दोन थापल्या.