तोंडी सांगण्यावर बांधलेलं गटार

आदरणीय इंजिनियरसाहेब,

निकाल लागेपर्यंत साक्षीदाराला चिठ्ठीसुद्धा पाठवू नका, असं वकिलांनी मला बजावलंय. म्हणून हे पत्र माझ्याजवळच राहील.

यजमानांच्या थकलेल्या बिलाच्या दाव्यात काल कोर्टात नगरपालिकेच्या वकिलांनी तुम्हाला विचारलं, "लेखी आदेश नसताना या बाईंच्या नवऱ्याने गटार बांधलंच कसं?"

तुम्ही शांतपणे म्हणालात, "मी सांगितलं म्हणून. दवाखान्यात पाणी शिरत होतं. कागदाची वाट पाहिली असती, तर पेशंटना पोहायला शिकवावं लागलं असतं."

"मग बिलही तुम्हीच भरा."

"गटार माझ्या परसातलं नाही, वकीलसाहेब. गावाचं पाणी आजही त्यातूनच जातं."

स्वतःच्या कचेरीविरुद्ध बोलून तुम्ही बढतीवर पाणी सोडलंत. हे वारल्यापासून लोक मला तोंडावर सांगायचे, की बिल उकळायला यांनी काम परस्परच केलं. मी कुणाकुणाला उत्तर देणार होते?

निकाल विरुद्ध लागला, तर सिमेंटवाल्याच्या उधारीत घर जाईल. जाऊ दे म्हणण्याइतकी मी मोठी नाही. पण तुमच्या साक्षीनंतर आता भाड्याच्या खोलीतही यांचा फोटो मी दारासमोरच्या भिंतीवर लावीन, येणाऱ्याजाणाऱ्याला दिसेल असा.

तुमची ऋणी,
कंत्राटदारांची पत्नी