काहीच नको

१४ नोव्हेंबर १९६१, मंगळवार

आख्ख्या इमारतीतून आमचंच घर निवडलं! समोरच्या खिडकीतली लुसेत म्हणाली, "आता काय बाई, तू सिनेमातली! आम्हाला ओळख दाखवशील ना?"

पॅरिसहून तिघे आले होते. धुलाई यंत्र, फ्रिज — आमच्यासारख्यांच्या घरात हल्ली काय काय आलं, त्यावर माहितीपट काढताहेत. फ्रिज उघडला तर आत लोण्याचा तुकडा आणि कालचं सूप. मग त्यांनीच कोंबडी, साय, द्राक्षं आणून भरली. फ्रिजचं चित्रण संपल्यावर कोंबडी परत घेऊन गेले! द्राक्षं तेवढी विसरले.

१५ नोव्हेंबर

आज कॅमेऱ्यासमोर बोलायची माझी पाळी. नवरा, अर्वे, पाठीशी उभा.

"मादाम, आता तुम्हाला आणखी काय हवंय?"

कागद तिथेच होता, खणात, चमच्यांखाली. महिना झाला. शिवणखान्यातली नोकरी मिळतेय, पण त्यावर अर्वेची सही हवी — बायकोच्या नोकरीला हरकत नाही म्हणून. त्याचं एकच पालुपद: "यंत्रं काय शोभेला आणलीत? तुला आराम मिळावा म्हणून आणलीत. बस की निवांत!"

बसते. सकाळी दहापासून बसते. समोरच्या खिडकीत लुसेत बसलेली दिसते.

"काहीच नको," म्हणाले मी. भित्री कुठली!

१६ नोव्हेंबर

द्राक्षं संपली.

२ एप्रिल १९६२

शिवणखान्याच्या बाई बाजारात भेटल्या. "येत्या सोमवारी कागद आणा, नाहीतर जागा दुसरीला देईन हं." अर्वेला सांगितलं. "पुन्हा तेच?" म्हणाला आणि पेपर तोंडासमोर धरला. मला रडू आलं, तर कांदे चिरायला घेतले.

७ एप्रिल, शनिवार

वस्तीच्या सभागृहात माहितीपट दाखवला. अर्वे टाय लावून पहिल्या रांगेत. आधी पडद्यावर तोच — "माझ्या बायकोला मी काही कमी पडू दिलेलं नाही." टाळ्या!

लगेच मी. तोच प्रश्न. मला वाटत होतं, मी चटकन उत्तर दिलं होतं. छे! पडद्यावरची मी फ्रिजकडे बघते. खणाकडे बघते. तोंड उघडते, मिटते. मागे कुणीतरी फिसकन हसलं, मग तेही थांबलं. आणि मग — "काहीच नको."

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं.

येताना अर्वे दोन पावलं पुढे. जिन्यात म्हणाला, "नऊ सेकंद."

"काय?"

"तू गप्प होतीस. मोजले मी."

मोटारीच्या कारखान्यात नऊ सेकंदांत तो दाराची एक मूठ बसवतो. त्याचा हिशेब चुकायचा नाही.

८ एप्रिल

अर्वे दिवसभर पेपर धरून बसला. पान एकही उलटलं नाही.

९ एप्रिल, सोमवार

अर्वे कामावर गेल्यावर कॉफीसाठी चमचा काढायला खण उघडला. कागद चमच्यांच्या वर होता. खाली अर्वेची सही. करायला त्याला नऊ सेकंदही लागले नसतील!