ह्लाडेकचा शेवटचा प्रसंग

लातूर,
८ ऑगस्ट २००४

आदरणीय मामा,
सप्रेम जयभीम. वि. वि.

क्लासच्या परीक्षेत मी चौथ्या तुकडीतून दुसरीत आले. पत्र्याच्या शेडमध्ये तीनशे पोरं आणि सर माइकवर! फळा दिसावा म्हणून तासभर आधी जागा धरावी लागते. मेसची डाळ बघून मामीची लई आठवण येते, तुमची जरा कमी.

रविवारी आपल्या गावी सरजाआजीकडे गेले होते. भूकंपाच्या ढिगाऱ्यातून निघालेली आईची पेटी तिनं अकरा वर्षांनी माझ्या हवाली केली. आत सहा वह्या आहेत. तुम्ही मराठीत आणलेली त्या चेक लेखकाची, ओतोमार ह्लाडेकची पटकथा त्यात आईच्या अक्षरात आहे. आई तुम्हाला नक्कल करून द्यायची का? पण नक्कल करणारं माणूस एका शब्दासाठी तीन-तीन शब्द लिहून का खोडेल? तुमच्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघते आहे, म्हणून विचारते. खरं काय ते कळवा.

तुमची भाची,
धम्मप्रिया

नांदेड,
१४ ऑगस्ट

आयु. धम्मप्रियास,
मंगल कामना.

मामीनं गल्लीभर पेढे वाटले. मला एकच मिळाला.

होय, सुलू नक्कलच करायची. अक्षर देखणं होतं तिचं. खाडाखोड माझ्या सांगण्यावरून. वह्या रजिस्टर पोस्टानं पाठव आणि डोकं अभ्यासात घाल. तब्येतीस जप, आमच्यावर माया आहेच ती वाढव.

प्रेममामा

लातूर,
२० ऑगस्ट

मामा,
जयभीम.

वह्या पाठवत नाही. सहाव्या वहीत शेवटी २७ सप्टेंबर १९९३ ही तारीख आहे. खाली आईनं लिहिलंय की आज नांदेडला निघायचं होतं, धम्माची फार आठवण येते, पण दादा म्हणतो शेवटचा प्रसंग पुरा करूनच ये, प्रकाशक थांबणार नाही.

तिकडच्या सरकारनं ह्लाडेकच्या नावावर बंदी घातली, त्यानं अकरा वर्षं मित्राच्या नावानं लिहिलं आणि बक्षिसं मित्र घेत राहिला, हे तुम्हीच प्रस्तावनेत सांगितलंय. असल्या मित्राला मी दारात उभं करणार नाही, असं तेव्हा म्हणाला होतात. आईवर कुणी बंदी घातली होती?

धम्मप्रिया

नांदेड,
२५ ऑगस्ट

आयु. धम्मप्रियास,

तुझं पत्र मामीला वाचून दाखवलं. तेव्हापासून ती माझ्याशी बोललेली नाही.

इंग्रजीवरून केलेलं ते भाषांतर सुलूचं आहे, पहिल्या ओळीपासून. शाळेत इंग्रजी शिकवायची ती, माझ्यापेक्षा कितीतरी सरस. पुस्तकावर दोघांचं नाव घालायचं ठरलं होतं. तिला थांबवलं ते मीच. तू आमच्याकडे होतीस म्हणून वाचलीस. गुरुवारी पहाटे भूकंप झाला, शुक्रवारी मी तुझ्या आईबाबांना अग्नी दिला, आणि सोमवारी तिचं पाकीट टपालानं आलं. बुधवारी टाकलेलं. आत शेवटचा प्रसंग होता.

तिचं नाव छापलं असतं, तर हे तिनं कधी पुरं केलं असं कुणीतरी विचारलं असतं. त्या तारखेला मी भ्यालो. पुढं सत्कार झाले, शाली आल्या, मी त्या घेतल्या. आज प्रकाशकाकडे जाऊन माझं नाव काढायला सांगितलं. नव्या आवृत्तीवर तिचं एकटीचं नाव येईल.

पाकिटातली चिठ्ठी सोबत पाठवतो. लोभ मागायला तोंड नाही. तिनं लिहिलंय की झालं एकदाचं, उद्या सकाळच्या गाडीनं निघते, धम्माला सांगू नकोस, दारात मला बघून ती कशी पळत येते ते मला बघायचंय.

प्रेम